तात्यांची ओली पोती

तात्या, तुमचा हात माझ्यावर एकदाच उठला. असा उठला की डाव्या कानात आठ दिवस गांधीलमाशी अडकल्यासारखं घोंघावत होतं.

उरवड्याच्या त्या पत्र्याच्या शेडमध्ये कामाला लागून मला महिनाही झाला नव्हता. इलेक्ट्रिक स्कूटरच्या बॅटऱ्या खोक्यात भरायच्या, खोकं चिकटवायचं, वर कागद लावायचा, एवढंच काम. तुम्ही टेम्पो घेऊन यायचात आणि ती खोकी पुण्याला, हिंजवडीला, दुकानादुकानांत पोचवायचात. त्या दिवशी टेबलावरची एक बॅटरी फुसफुसायला लागली. कुकरची शिट्टी व्हायच्या आधी येतो ना, तसा आवाज. घाबरलेलं माणूस पळून जातं म्हणतात. माझं उलटं आहे. मी घाबरले की हातात असेल ते घट्ट धरते. मी ती बॅटरी उचलली आणि तान्हं लेकरू धरावं तशी पोटाशी धरून उभी राहिले. तुम्ही शटरमधून आत आलात, मला पाहिलंत, आणि थोबाडात दिलीत. मी एकीकडे पडले, बॅटरी दुसरीकडे. तुम्ही ती लाथांनी लोटत, शिव्या देत फरशीवरून बाहेर नेलीत आणि भिंतीआड उडी मारलीत.

ती अंगणात फुटली. मी आग पाहिलेली होती. चुलीतली, शेतातल्या पाचटाची, एकदा गावात पेटलेल्या गंजीची. ही तसली आग नव्हती. ही पिचकारीसारखी सुटली, पांढरी, आणि तिच्यातून आतली नळकांडी गोफणीतल्या दगडांसारखी उडाली. एक पत्र्याला भोक पाडून गेलं. ते भोक अजून आहे. दुपारी त्यातून उन्हाचा कवडसा बरोबर माझ्या टेबलावर पडायचा.

सगळं विझल्यावर तुम्ही आत आलात. मिशी एका बाजूने करपली होती.

"मरायचं आसंल तर तुझ्या गावाला जाऊन मर," म्हणालात. "माझ्या गाडीम्होरं न्हाई."

मी रडत म्हटलं, "मारलं काऊन पण?"

"काऊन!" तुम्ही माझी नक्कल केलीत. "आरं तिच्या! 'का' म्हणायला एवढा मोठा शबुद लागतो व्हय तुमच्याकडं?"

संध्याकाळी तुमच्या घरून काकी हळद-तेल कोमट करून मी राहत होते त्या खोलीवर आल्या. तिथं आम्ही सहा बायका दाटीवाटीने झोपायचो. काकींनी माझा गाल चोळला, खोलीकडे एकदा नजर फिरवली आणि म्हणाल्या, "उठ. तुझी पिशवी घे. आमची मागली खोली रिकामी हाय. ह्येंनी सांगितलंय, मारलंय तर सांभाळाया बी पायजे."

असं तुमच्या घरात मी आले. वाशिमकडच्या गावातून मामेबहिणीबरोबर आले होते, तिचं लग्न झालं, ती परत गेली, मी इथंच राहिले. गावाकडचं माणूस दिसायला दिवाळी लागायची. या मुलखात माझं म्हणावं असं कोणी असेल तर ते मला थोबाडीत देणारे तुम्ही होतात. हे कोणाला सांगितलं तर हसतील. पण ज्या दिवसापासून मला इथं रात्री झोप यायला लागली, तो दिवस त्या चपराकीचा आहे.

त्यानंतर मला नियमांचं वेडच लागलं. भीतीचं वेड म्हणा हवं तर. बॅटऱ्यांच्या गठ्ठ्याबरोबर कंपनीचा छापील कागद यायचा, इंग्रजीत. माझी शाळा सातवीला सुटली. आठवीचा वर्ग दुसऱ्या गावाला होता आणि घरी धाकटी दोन भावंडं सांभाळायला माझ्याशिवाय कोणी नव्हतं. इंग्रजी अक्षरं ओळखते, शब्द लागत नाहीत. म्हणून ऑफिसात बसणाऱ्या मुलीच्या मागे लागून मी तो कागद मराठीत सांगवून घेतला आणि शटरच्या आतल्या बाजूला खडूने लिहून काढला. बॅटरीच्या दोन्ही टोकांना टेप. एकावर एक खोकी रचायची नाहीत. पूर्ण चार्ज करून पाठवायची नाही. फुगलेली, पडलेली, परत आलेली बॅटरी चांगल्या मालात घालायची नाही. ती वेगळी, वाळूच्या ड्रममध्ये, वेगळ्या कागदासह. ऊन नको. ओल नको.

तुम्ही चष्मा लावून ते सगळं वाचलंत. "मास्तरीणबाई," म्हणालात, "ऊन नगो, वल नगो, धक्का नगो. ही बॅटरी हाय का नवी नवरी?"

तेव्हापासून तुम्ही मला मास्तरीणच म्हणायला लागलात. सातवीवर शाळा सुटलेल्या बाईला. मला वर्गात कधी कोणी मॉनिटर केलं नव्हतं. तात्या, तुम्ही चेष्टेने म्हणायचात हे मला माहीत होतं. तरी तुम्ही अंगणातून "ए मास्तरीण" अशी हाक मारलीत की मी दोन बोटं उंच व्हायचे.

आणि चेष्टा केलीत तरी नियम पाळायचात. तुमच्या पद्धतीने. हिंजवडीच्या त्या दुकानदाराचं आठवतं? मी त्या दिवशी तुमच्याबरोबर खोकी मोजून द्यायला आले होते. त्याने जुनी बॅटरी स्कूटरमधून काढली आणि वीट फेकावी तशी आपल्या टेम्पोत, नव्या खोक्यांवर फेकली. तुम्ही खाली उतरलात, त्याची कॉलर धरलीत आणि त्याला त्याच्याच शटरवर आदळलंत. आयटीवाली पोरं गळ्यातली कार्डं सांभाळत बघत उभी राहिली.

"क्या हुआ, अंकल? छोड़ो ना," तो म्हणत होता.

"अंकल न्हाई, बाप! हिला इचार काय हुआ! मास्तरीण, सांग ह्याला नियम!"

 मी त्याला, शटरला चेपलेल्या माणसाला, चार नियम हिंदीत सांगितले. तुम्ही त्याच्या गळ्यावरचा हात प्रत्येक नियमाला थोडा सैल केलात. चौथ्याला सोडलंत. येताना गाडीत म्हणालात, "बग, शिक्षणाचा उपेग आसा आसतो." तुमच्या रागाची मला भीती वाटायची, तात्या. काकींवरही तुम्ही ताट भिरकावलेलं मी पाहिलंय. तुम्ही गेलात म्हणून ते मी गोड करून सांगणार नाही. पण तुमचा राग समोरून यायचा. मागून कधी आला नाही.

एकाच गोष्टीवर आपलं कधी पटलं नाही. पोती.

सगळं आयुष्य तुम्ही भाजी वाहिली. मेथी, काकडी, वालाच्या शेंगा. पहाटे माल भरायचा, वरून बारदानाची पोती ओली करून टाकायची, आणि मार्केट यार्डात उतरवताना पान न पान ताठ. जमिनीचा मोठा तुकडा बंगलेवाल्यांना गेला, मागे टेम्पो उरला आणि ती पोती उरली. बॅटऱ्यांच्या खोक्यांवरही तुम्ही तीच टाकायला लागलात. मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा किंचाळलेच.

"तात्या! ओल नको म्हणून लिहिलंय ना!"

"ऊन नगो म्हनून बी तूच लिवलंय. मग मी काय करू? डोईवर छत्री धरून गाडी चालवू?"

"ताडपत्री टाका. कोरडी."

"ताडपत्री! चैत्राच्या उन्हात ताडपत्रीखाली हात घालून बग. तवा हुतो तवा. भाकरी भाजून निगंल." आणि मग तुमचं ठरलेलं वाक्य. "तीस-बत्तीस वर्सं वली पोती टाकून माल न्हेला, एक पान कोमजलं न्हाई."

"ही भाजी नव्हे जी तात्या!"

"जी-जी करून गोड बोलू नगं. पोती ऱ्हातील."

तुमचं म्हणणं अगदीच खोटं नव्हतं, हेच तर वाईट होतं. ताडपत्रीखाली खरंच तापायचं. माझ्या एका नियमासाठी तुम्ही माझा दुसरा नियम मोडत होतात. मग आपला रोजचा तह ठरला. तुम्ही सकाळी टेम्पो भरून पोती टाकायची, मी बाहेर येऊन एकेक ओढून काढायची, तुम्ही दोन शिव्या घालायच्या, मी ताडपत्री बांधायची, आणि खालून वारा जाईल एवढी फट ठेवायची. रोज. एक दिवस चुकला नाही. काकी म्हणायच्या, "ह्यो म्हातारा मुद्दाम टाकतो. तू भांडायला आलीस म्हंजे त्येचा दिस सुरू हुतो."

एक दिवस चुकला.

शेडच्या मालकाने, शेठने, गेल्या काही महिन्यांत नवाच धंदा काढला होता. दुकानांतून परत आलेल्या बॅटऱ्या वाळूच्या ड्रमात न जाता शेडमागच्या खोलीत साठायला लागल्या होत्या. काहींची अंगं फुगलेली, पाहुण्याने ताव मारल्यावर पोट दिसतं तशी. प्रत्येकीवर मी लाल चिठ्ठी लावलेली होती: खराब, वेगळी ठेवा. तुम्ही एकदा विचारलंत, "त्या खोलीत काय हाय?" मी म्हटलं, "परतीचा माल." तुम्ही म्हणालात, "शेठ त्येचं काय लोणचं घालतोय?" मी हसले होते.

त्या सकाळी शेठ माझ्या टेबलापाशी आला. नऊ बॅटऱ्या मागून आणवल्या होत्या. नवी कव्हरं चढवलेली.

"हे पण आजच्या गाडीत."

"शेठ, हा परतीचा आहे. लाल चिठ्ठ्या आहेत."

"फाड मग. चार्ज होतायत, चालतायत. शहराबाहेरचं दुकान आहे, तिथे कोण बघतंय? नव्या मालाचा कागद लाव."

"टोकांना टेप तरी लावू द्या."

"गाडी उभी आहे. चल." आणि जाता जाता वळून म्हणाला, "इथं काम करायचंय ना तुला?"

करायचं होतं, तात्या. मला ते काम करायचं होतं. मी नऊ लाल चिठ्ठ्या काढल्या. नऊ नवे कागद लावले, माझ्या हाताने दाबून, कोपरे उचलू नयेत म्हणून अंगठ्याने घासून. शटरवरचे माझेच नियम माझ्या पाठीमागे होते. मी वळून पाहिलं नाही. चिठ्ठ्या फेकायला कचऱ्याच्या डब्यापाशी गेले, पण मूठ उघडेना. घाबरले की हातात असेल ते घट्ट धरते. त्या तशाच मुठीत राहिल्या, मग एप्रनच्या खिशात गेल्या.

खोकी बाहेर गेली. पत्र्यावर पाणी शिंपडल्याचा आवाज आला. तुम्ही पोती ओली करत होतात. ऊन भयंकर होतं. मग आवाज थांबला. मला कळलं की तुम्ही थांबलायत. वाट बघताय.

"ए मास्तरीण! आज पोती काडाया न्हाई आली?"

मला तुमच्या तोंडाकडे बघायचं नव्हतं. बाहेर आले असते तर तुम्ही एका नजरेत ओळखलं असतंत. मग तुम्ही शेठला शटरवर आदळलं असतंत, आणि माझं काम गेलं असतं. या सगळ्याचा मी तेव्हा विचार केला, तात्या, एकेक करून, थंडपणे. आणि आतूनच ओरडले, "राहू द्या आज!"

तुम्ही शेवटचं पोतं टाकलंत. मग हसलात. "शेवटी मास्तरीण हारली," म्हणालात. "बत्तीस वर्सं!" टेम्पो सुरू झाला.

पुढचं मी पाहिलेलं नाही. तुमच्या मागे असलेल्या आयटी कंपनीच्या कॅबचा ड्रायव्हर तुमच्या दहाव्याला घर शोधत आला होता, त्याने सांगितलं. बिहारकडचा माणूस, काकींसमोर हात जोडून बसला. भुकूममध्ये, नव्या इमारतींपाशी, गाड्या नेहमीसारख्या तुंबलेल्या. तुमच्या टेम्पोतून आधी वाफ निघाली. त्याला वाटलं ओल्या पोत्यांची वाफ आहे. मग ती वाफ काळी झाली. मग आत काहीतरी फाटलं आणि टेम्पो मागून हादरला. तुमच्या पुढे स्कूटरवर एक बाई होती, मागे तिचं पोर. बाजूला गाड्यांची रांग, मागे त्याची कॅब. सुटायला कुठेच जागा नाही. तो काच खाली करून ओरडला, "चाचा, कूद जाओ!" तुम्ही आरशातून मागे बघून त्याला ओरडलात, "मागं घे की रं, मेल्या!" त्याला मराठी कळत नव्हतं, पण ते कळलं, म्हणाला. त्याने गाडी मागे घेतली, त्याच्या मागच्याच्या बंपरवर आदळून घेतली. तुम्ही चाक फिरवलंत आणि रस्त्याकडेच्या बांधकामाच्या पत्र्याच्या कुंपणात टेम्पो घुसवलात. पत्रे फाडत आत. मोकळ्या प्लॉटच्या मधोमध गाडी थांबली आणि तुम्ही दारातून पडलात. पडलात, पण उठलात. तोवर तुम्ही धड होतात, तात्या. सदरा पेटलेला नव्हता. वीस पावलं बाजूला झाला असतात तर आज मला दोन शिव्या देत असतात.

पण तिथं बांधकामाची पाण्याची टाकी होती.

तुम्ही गाडीवरून घसरून पडलेलं पोतं उचललंत. टाकीत बुडवलंत. लोक ओरडत होते, दगड मारत होते तुम्हाला मागे हटवायला, त्या ड्रायव्हरने स्वतः एक मारला. तुम्ही ते भिजलेलं पोतं दोन्ही हातांत धरून जळत्या टेम्पोकडे गेलात. एकदा टाकलंत. परत आलात, दुसरं भिजवलंत. दुसऱ्यांदा गेलात तेव्हा खोकी फुटली. एकामागून एक. "जैसे बंदूक," तो म्हणाला. काकींनी त्याला पाणी दिलं. तो जाताना तुमच्या फोटोला डोकं टेकवून गेला. तुमचं नावही त्याला आमच्या दारातच कळलं.

तीन दिवस तुम्ही दवाखान्यात होतात. मी आत आले तेव्हा तुमचं तोंड भाजून सुजलेलं, मिशी दोन्ही बाजूंनी गेलेली, आणि मला त्या अंगणातल्या दिवसाची आठवण येऊन हसू फुटणार होतं. छातीत धूर गेलेला, आवाज दाण्यादाण्याने येत होता. मी कान जवळ नेला. ज्या कानात घोंघावलं होतं तोच.

"पोती वली केली म्हून का गं?"

एवढंच विचारलंत तुम्ही. ज्या माणसाने आयुष्यभर कोणाचं ऐकून घेतलं नाही, तो मला विचारत होता. मास्तरणीला.

माझ्या खिशात नऊ लाल चिठ्ठ्या होत्या. मी चादर सारखी केली आणि म्हटलं, "बोलू नका, तात्या. त्रास होईल."

तुम्ही डोळे मिटलेत. दुसऱ्या दिवशी सकाळी गेलात. स्वतःला गुन्हेगार समजून गेलात. मी समजू दिलं.

तुमच्यामागे गावात हेच सुरू झालं. चहाच्या टपरीवर, दुधाच्या डेअरीवर. म्हाताऱ्याला कळंना, बॅटरीवर पानी टाकलं, सोताच्या हातानं सोताला जाळलं. शेठने तर शटरवरचे माझे नियम माणसं आणून दाखवले. "बघा, एवढ्या मोठ्या अक्षरात लिहिलंय, ओल नको." माझं अक्षर, तात्या. तुमच्याविरुद्ध माझंच अक्षर उभं केलं.

मग त्याने मला आत बोलावलं. "चौकीतून विचारायला येतील. पाणी मारताना तू पाहिलंस एवढं सांगायचं. खोटं काही नाही त्यात."

"आणि परतीचा माल?"

"कुठला माल? कागद बघ. सगळ्यावर नव्या मालाचा कागद होता. लावला कोणी?" त्याने माझं मनगट धरलं, पिळलं. "तू इथली नाहीस, बाई. अडकलीस तर तुझं कोण येणार आहे इथं?"

मी त्याच्या हाताला चावले. ठरवून नाही. दात लागले, आणि मग मी सोडलं नाही. त्याने मला कपाटावर आदळलं तेव्हा सुटलं. तोंडात त्याचं रक्त होतं. मी ते त्याच्या शटरवर, त्या नियमांवर थुंकले आणि बाहेर पडले.  मी धीट झालेय असं समजू नका. त्या दिवशीही भीतच होते, आत्ता हे लिहितानाही भीतेय.

घरी काकी मागच्या अंगणात होत्या. तारेवर तुमची उरलेली पोती वाळत घातलेली, त्यांच्याकडे बघत बसलेल्या. "लोकं म्हंत्यात त्ये खरं का गं?" त्यांनीही मलाच विचारलं. "ह्येच पोत्यानं का?"

मी चिठ्ठ्या काढून त्यांच्या पुढ्यात टाकल्या. घामाने चुरगळलेल्या. आणि उभ्या उभ्या सगळं सांगितलं. परतीचा माल, नवे कागद, टेप न लावता गेलेली टोकं, तुमची हाक, माझं "राहू द्या आज". दवाखान्यातला तुमचा प्रश्नसुद्धा.

काकी उठल्या. मला वाटलं आत जातील. त्या जवळ आल्या आणि थोबाडात दिली. तुमच्यापेक्षा जोरात, तात्या. मी तारेवर, तुमच्या पोत्यांवर जाऊन आपटले. मग दुसऱ्या गालावर. मग त्यांनी माझ्या खांद्यांना धरून मला गदागदा हलवलं आणि त्यांच्या घशातून जो आवाज निघाला तो तुमच्या प्रेताजवळही निघाला नव्हता. "त्येनं तुला वाचीवलं हुतं!" त्या ओरडत होत्या. "तुला वाचीवलं हुतं गं, रांडे!"

मी हात वर केले नाहीत. केव्हा थांबल्या कळलं नाही. थांबल्या आणि धापा टाकत खाली बसल्या. जमिनीवरच्या चिठ्ठ्या एकेक गोळा केल्या, पदराने पुसल्या, मोजल्या. नऊ.

"चपला घाल," म्हणाल्या. "चौकीला जायाचंय."

"काकी, माझ्यावरही येईल."

"येऊ दे. येईल त्ये बगू. मागली खोली कुटं जात न्हाई."

एसटीत त्या माझ्या शेजारी बसल्या, पण पौडपर्यंत माझ्याकडे पाहिलं नाही. चौकीत हवालदाराने आधी मला उभंच ठेवलं. शेठचा जबाब आधीच झाला होता: चालकाने निष्काळजीपणे पाणी वापरले. माझं ऐकत असताना त्याने पेन दोनदा खाली ठेवलं.

"बाई, कागद तू लावलेस हे तू स्वतः लिहून देतेस. कळतंय का?"

"कळतंय."

"शिक्षण?"

"सातवी." काकी मागून म्हणाल्या, "ती मास्तरीण हाय."

हवालदाराने वर पाहिलं. जबाब माझ्यापुढे सरकवला. मी सही केली. नऊ चिठ्ठ्या त्याने पाकिटात घातल्या, पाकिटावरही माझी सही घेतली. पुढे काय होईल मला माहीत नाही. शेडला सील लागलंय, मला पुन्हा बोलावणार आहेत, आणि गावाकडे अजून काही कळवलेलं नाही. काकी माझ्याशी कामापुरतं बोलतात. जेवायला मात्र हाक येते. ताट वाढून ठेवलेलं असतं, पुढ्यात सरकवत नाहीत, पण असतं.

आग विझवायला आलेल्यांतल्या एकाला मी चौकीबाहेर गाठून विचारलं. तो म्हणाला, आम्हीही शेवटी पाणीच मारलं, टँकर रिकामे होईपर्यंत. पेटलेल्याला भरपूर पाणी पाहिजे, गार व्हायला. पण भिजकं बारदान वेगळं, त्यातली ओल उघड्या टोकांपर्यंत झिरपली तर वाईटच. मी म्हटलं, म्हणजे पोत्याने झालं? तो म्हणाला, फुगलेली होती ना? मग ती कोरडीसुद्धा पेटली असती. आज नाही तर उद्या, पोत्याखाली नाही तर कोणाच्या तरी जिन्याखाली, रात्री चार्जिंगला लावलेली.

म्हणजे आपलं भांडण मिटलेलं नाही, तात्या. तुम्ही म्हणणार, बग, शेवटी पानीच लागलं! मी म्हणणार, ओल नको म्हणजे नको. तारेवरची पोती मी काढून घडी घालून ठेवलीत, फेकलेली नाहीत. कोरडी आहेत.

पण तुम्ही मला एक विचारलं होतं आणि मी चादर सारखी करत बसले होते. आता ऐका. पोती रोज मी काढायचे, त्या दिवशी काढली नाहीत. पेट पोत्यातून आला नाही, तात्या. पेट खोक्यातून आला. आणि खोक्यावरचा कागद माझ्या हातचा होता.